कारखान्याच्या दारातला दहा मिनिटांचा शॉट: १९६८ चा 'वंडर' आणि तुमची गेटसभा

तुमचा प्रश्न आधी थोडक्यात मांडतो, म्हणजे बाकीच्यांनाही संदर्भ लागेल. तुम्ही 'ला रप्रीझ द्यू त्राव्हाय ओझ्युझिन वंडर', म्हणजे 'वंडर कारखान्यात पुन्हा काम सुरू', हा फ्रेंच लघुपट पाहिलात. १९६८ सालचा, कृष्णधवल, १६ मिलिमीटर, साधारण दहा मिनिटं, एकच अखंड शॉट. संप मिटलाय, कामगार दारातून आत चाललेत आणि एक तरुण कामगार बाई रडत-ओरडत सांगतेय की मी आत पाऊल टाकणार नाही. तसाच अखंड शॉट तुम्ही एका गेटसभेत मोबाइलवर घेतलात आणि तिसऱ्या मिनिटाला तो तुम्हालाच बघवेना. म्हणून विचारताय: त्यांनी हे ठरवून केलं का, त्या काळच्या जड कॅमेऱ्यावर जमलं कसं, आणि आपलं चुकतंय कुठे?

'कट नाही' हाच या फिल्मचा गुण, असं धरून तुम्ही निघालात. माझ्या मते गाडी तिथेच रुळावरून घसरली. कट न करणं सोपं आहे, रेकॉर्डिंग चालू ठेवलं की झालं. हा शॉट तोलून धरतो तो त्यातला आवाज, आणि कॅमेरा जिथे उभा आहे ती जागा. या दोन गोष्टी जमल्या असत्या तर मध्ये चार कट असते तरी फिल्म उभी राहिली असती.

आधी प्रसंग नीट समजून घ्या, कारण शॉटची रचना तिथूनच आलीय. तारीख १० जून १९६८, सोमवार. जागा पॅरिसच्या उत्तर सीमेला लागून असलेलं सँ-तुआँ, वंडर या बॅटरी कंपनीचं दार. चित्रण करणारे इदेक या चित्रपटशाळेचे विद्यार्थी: दिग्दर्शक जाक विल्मों, कॅमेऱ्यावर पिएर बोनो, ध्वनीवर लियान एस्तिए. त्या मे महिन्यात विद्यार्थ्यांच्या आंदोलनापाठोपाठ फ्रान्सभर कामगारांचा संप पसरला होता, आणि महिन्याच्या अखेरीला पॅरिसमधल्या ग्रनेल इथे सरकार, मालक आणि युनियन यांच्यात वाटाघाटी झाल्या होत्या. किमान वेतन ३५ टक्क्यांनी वाढून तासाला ३ फ्रँकवर गेलं, बाकीच्या पगारांत साधारण १० टक्के वाढ ठरली. ३० मे रोजी राष्ट्राध्यक्ष द गोलनं संसद विसर्जित केली, जूनअखेर मतदान होतं, आणि सेजेते ही मोठी कामगार संघटना एकेका कारखान्याला कामावर परत न्यायच्या मागे होती. सगळीकडे ते शांतपणे झालं नाही. याच १० जूनला फ्लँसच्या रेनो कारखान्याजवळ पोलिसांपासून पळताना एक शाळकरी मुलगा सीन नदीत बुडाला, आणि दुसऱ्या दिवशी सोशोला पेजोच्या कारखान्यात दोन कामगार मेले.

वंडरच्या दारात गोळी नाही, अश्रुधूर नाही. युनियनची माणसं त्या बाईला समजावतायत की हा विजय आहे, सगळं एका दमात मिळत नसतं. एक डाव्या विचारांचा विद्यार्थी त्यांना तोंडावर खोडून काढतोय. कंपनीचा पर्सोनेलवाला लोकांना आत बोलावतोय. आणि ती बाई पगाराचे आकडे काढतच नाही. ती बोलते ती घाणीबद्दल, अंग काळं होण्याबद्दल, गरम पाणी नसण्याबद्दल, संडासला जायलाही परवानगी लागते त्याबद्दल. त्या काळच्या साध्या झिंक-कार्बन बॅटरीत मँगनीज डायऑक्साइड आणि कार्बनची पूड ठासून भरलेली असते. ती पूड कातडीत, नखांत, केसांत बसते. वाटाघाटीच्या कागदावर टक्के होते, तिच्या हातावर काजळी होती. शॉटमधला सगळा ताण या फरकातून येतो.

आता एक गोष्ट लक्षात घ्या. वाद चालू असताना मागे दार माणसं गिळतंय. सुरुवातीला बाहेर गर्दी आहे, मग ती विरळ होत जाते. म्हणजे शॉटमध्ये एक घड्याळ बसलंय. तुम्हाला मनात सतत वाटत राहतं की सगळे आत गेल्यावर हिचं काय? हे घड्याळ कुणी रचलेलं नाही, पण तिथे कॅमेरा उभा केला की ते आपोआप मिळतं. तुमच्या गेटसभेत, तुम्ही वर्णन केलंय त्यावरून, एक पुढारी बोलतोय आणि बाकीचे ऐकतायत. तिथे काहीही संपत नाहीये आणि काहीही सुरू होत नाहीये. भाषणाला घड्याळ नसतं. म्हणून माझा पहिला सल्ला तांत्रिक नाही: भाषण सोडा. भाषण संपून भोंगा होईपर्यंतची दहा-पंधरा मिनिटं पकडा. पुढारी खाली उतरलाय, लोक घोळक्यानं बोलतायत, काहीजण कार्ड पंच करायला निघालेत. वाद तेव्हा होतो, आणि तोही मर्यादित वेळात.

'ठरवून केलं का' याचं उत्तर असं की प्रसंग रचलेला नाही. पण न रचलेला म्हणजे तयारीशिवायचा, असं समजू नका. मुलं शिकलेली होती आणि मॅगझिन, म्हणजे कॅमेऱ्याला लागणारा फिल्मचा डबा, भरलेलं होतं. दिग्दर्शक जाक रिव्हेतनं त्याच वर्षी 'काये द्यू सिनेमा' या मासिकातल्या मुलाखतीत मे महिन्यावरच्या फिल्म्सपैकी हीच एक खरोखर जोरकस असल्याचं म्हटलं होतं. मला ते पटतं, आणि याचं श्रेय नशिबाइतकंच हाताच्या सवयीलाही आहे.

आता यंत्राकडे. १६ मिलिमीटरच्या एका फुटात ४० फ्रेम बसतात. ४०० फुटांच्या, म्हणजे साधारण १२० मीटरच्या मॅगझिनमध्ये १६,००० फ्रेम. सेकंदाला २४ फ्रेमनं ११ मिनिटं ७ सेकंद, २५ नं १० मिनिटं ४० सेकंद. सुरुवातीचा आणि शेवटचा प्रकाश लागलेला भाग वजा केला की सलग शॉटची कमाल मर्यादा दहा मिनिटांच्या आसपास येते. या फिल्मची लांबी ही कलात्मक निवडीइतकीच डब्याची लांबी आहे. फरक असा की फिल्म संपत येतेय हे कॅमेरामनला माहीत असतं. मीटरकाट्यावर त्याचं लक्ष असतं, आणि म्हणून तो भटकत नाही. मोबाइलवाल्याला हा धाक नसतो. मी विद्यार्थ्यांना सांगतो की फोनवर अकरा मिनिटांचा टायमर लावा. त्यानं नजर सुधारते.

जड कॅमेऱ्याबद्दल तुमची समजूत थोडी दुरुस्त करायला हवी. साठच्या दशकात आंद्रे कुतान यानं रचना केलेला एक्लेअर १६ कॅमेरा फ्रान्समध्ये रस्त्यावरच्या चित्रणाचं नेहमीचं हत्यार झाला होता. मॅगझिनसकट साधारण ९ किलो वजन, पण मॅगझिन मागे असल्यानं भार खांद्यावर बसतो, समोर झुकत नाही. मोटरचा आवाज इतका कमी की माइक जवळ ठेवता येतो. जोडीला नाग्रा ध्वनिमुद्रक, पाव इंची टेप, आणि कॅमेऱ्याचा वेग टेपवर नोंदवणारा पायलट सिग्नल. त्या काळच्या बऱ्याच जोडण्यांत हा सिग्नल केबलनं जायचा, म्हणजे कॅमेरामन आणि ध्वनिमुद्रक एकमेकांना अक्षरशः बांधलेले. गर्दीत एकानं पाऊल टाकलं की दुसऱ्यालाही टाकावं लागतं. यात त्रास होता, पण एक शिस्तही होती: आवाज जिथे आहे तिथून कॅमेरा फार लांब जाऊच शकत नाही.

भिंगाचा हिशोबही बघा. १६ मिलिमीटरवर १२ मिलिमीटरचं भिंग, छिद्र एफ ८, फोकस १.२ मीटरवर ठेवला तर साधारण ६० सेंटिमीटरपासून क्षितिजापर्यंत सगळं स्वच्छ दिसतं. तेच २५ मिलिमीटर केलं तर फोकस ५ मीटरच्या पुढे न्यावा लागतो आणि अडीच मीटरच्या अलीकडचं सगळं मऊ पडतं. म्हणजे गर्दीत हाताच्या अंतरावर, फोकस न धुंडाळता, सलग काम करायचं तर रुंद भिंग आणि जवळ उभं राहणं हा एकच मार्ग उरतो. लांबून झूम करून घेतलेली माणसं आपण चोरून बघितल्यासारखी दिसतात. शिवाय लांबून घेतलं की माइकही लांब जातो.

माइकशीच तुमची मुख्य अडचण आहे, याची मला जवळजवळ खात्री वाटते. तुम्ही लिहिलंय की आवाज फोनच्याच माइकवर घेतला. बोलणाऱ्यापासूनचं अंतर दुप्पट झालं की आवाज ६ डेसिबलनं उतरतो. एका मीटरवरचं बोलणं चार मीटरवर १२ डेसिबल खाली, आणि रस्त्यावरचा ट्रक, रिक्षा, लाउडस्पीकर मात्र आहे तिथेच. तिसऱ्या मिनिटाला कंटाळा येतो तो डोळ्यांना नव्हे. शब्द लागत नाहीत, म्हणून मेंदू ऐकणं सोडून देतो, आणि ऐकणं सुटलं की चित्र नुसतं हलत राहतं. चाचणी सोपी आहे. तुमचा शॉट पडदा झाकून नुसता ऐका. गोष्ट कळली नाही तर चित्र बघायची गरजच नाही.

करायचं ते असं. एक माणूस फक्त आवाजासाठी. छोटा शॉटगन माइक (समोरचाच आवाज जास्त पकडणारा), तो टांगायला दीड-दोन मीटरचा बूम, म्हणजे लांब दांडा, वाऱ्यासाठी केसाळ कव्हर, वेगळा रेकॉर्डर, आणि कानाला हेडफोन. इयरफोन चालत नाहीत, कारण बाहेरचा आवाज आत येतो आणि माइक काय पकडतोय ते कळत नाही. माइकचं टोक बोलणाऱ्याच्या तोंडापासून ६० ते ९० सेंटिमीटरवर, वरून खाली किंवा छातीच्या उंचीवरून वर. रेकॉर्डर ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट. साधं बोलणं उणे १८ ते उणे १२ डेसिबलच्या दरम्यान ठेवा, म्हणजे कुणी ओरडलं तर जागा राहते. लेव्हल आपोआप ठरवणारी सोय बंद करा, नाहीतर दोन वाक्यांमधल्या शांततेत ट्रक वर उसळतो. बूमवाल्यानं कॅमेऱ्याकडे बघून चालायचं नाही. त्यानं वाद ऐकायचा, आणि कॅमेरावाल्यानं बूमच्या मागे जायचं. ही अदलाबदल बहुतेक गटांना जड जाते, कारण दिग्दर्शक स्वतः फोन धरून असतो आणि त्याला वाटतं की पुढारपण त्याचं.

मोबाइलच्या सेटिंगबद्दल फार लिहीत नाही, पण काही गोष्टी राहून गेल्या तर शॉट फुकट जातो. सेकंदाला २५ फ्रेम आणि शटर १/५०, म्हणजे दाराशी ट्यूबलाइट असली तरी आपल्याकडच्या ५० हर्ट्झच्या विजेत पट्टे येणार नाहीत. उन्हात हे शटर ठेवायचं तर भिंगापुढे उजेड कमी करणारा एनडी फिल्टर लागतो. नसेल तर शटरचा वेग वाढू द्या, पण एक्स्पोजर लॉक करा. नाहीतर कुणी पांढरा सदरा घालून आडवा गेला की सगळी फ्रेम काळवंडते. व्हाइट बॅलन्स लॉक, फोकस दीड मीटरच्या आसपास लॉक, भिंग मुख्य, झूम शून्य. विमान मोडवर टाका, एक फोन आला की कथा संपते. ४केमध्ये मिनिटाला १७० ते ३५० एमबी जागा लागते, त्यामुळे अकरा मिनिटांसाठी किमान ५ जीबी मोकळे ठेवा.

बऱ्याच फोनमध्ये फ्रेमचा वेग स्थिर नसतो, २४.९ ते २५.१ असा हेलकावतो. वेगळा मुद्रित केलेला आवाज त्याला जोडला की सुरुवात जुळते आणि आठव्या मिनिटाला ओठ आणि शब्द वेगळे होतात. वेग स्थिर ठेवणारं कॅमेरा अॅप वापरा, किंवा जोडणीआधी फाइल स्थिर वेगात बदलून घ्या. दोन यंत्रांच्या घड्याळांमधला फरक ही निराळी बाब. दहा मिनिटांत दशलक्षामागे ५० भागांचा फरक धरला तर ०.०३ सेकंद येतो, म्हणजे पाऊण फ्रेम. तो डोळ्याला दिसत नाही. दोन फ्रेमच्या पुढे गेलं की खटकतं. म्हणून चित्र आणि आवाज जुळवायला कॅमेऱ्यासमोर टाळी वाजवा, सुरुवातीला एक आणि शेवटी एक. शेवटची टाळी सगळे विसरतात.

आता कॅमेरा कसा फिरवायचा. नवखा माणूस बोलणाऱ्याच्या मागे धावतो. एक बोलला की तिकडे, दुसरा बोलला की इकडे. त्यात दोन तोटे. कॅमेरा वळून पोचेपर्यंत पहिले चार शब्द गेलेले असतात, आणि दर दोन सेकंदांनी चित्र वळतं, म्हणून बघणाऱ्याला गरगरतं. उपाय असा की फ्रेममध्ये कायम दोन माणसं ठेवा, एक बोलणारी आणि एक ऐकणारी. आवाजावरून बोलणारा कळतो, त्याला दाखवण्याची घाई नाही. ऐकणारा काय करतोय हे मात्र आवाजावरून कळत नाही, ते फक्त चित्रातूनच कळतं. 'वंडर' पुन्हा बघा. युनियनवाला बोलत असताना त्या बाईचा चेहरा दिसत राहिला नसता तर त्याचं बोलणं नुसतं पत्रक वाटलं असतं. वळायचं असेल तर नवा आवाज पूर्ण वाक्यभर ऐका आणि मग सावकाश वळा. घोळक्याच्या कडेला राहू नका, आणि मधोमधही नको. वर्तुळात एका माणसाची जागा रिकामी असते, ती तुमची. तिथून दोन्ही बाजू आणि मागचं दार अशा तिन्ही गोष्टी साठ-सत्तर अंशांच्या वळणात मिळाल्या पाहिजेत. दार पाठीमागे पडलं तर घड्याळ गेलं.

हे सगळं एका गोष्टीवर अवलंबून आहे, आणि ती मी इथून ठरवू शकत नाही: तिथले लोक तुम्हाला ओळखतात का. ओळखत असतील तर हाताच्या अंतरावर उभं राहता येतं. नसतील तर पहिले दोन-तीन दिवस फोन खिशात ठेवून नुसतं दाराशी जा. युनियनच्या परवानगीनं गेलात तर युनियनचा माणूस तुमच्या बाजूला उभा राहील आणि विरोधातला कामगार तोंड उघडणार नाही. परवानगीशिवाय गेलात तर कुणीतरी फोन हिसकावेल. दोन्हीतलं काय परवडतं ते तिथली परिस्थिती बघून ठरवा. फ्रान्समध्येही हा प्रश्न होताच. क्रिस मार्कर आणि मारियो मारे या दिग्दर्शकांनी बेझाँसोंच्या रोदियासेता कारखान्यातल्या संपावर फिल्म केली, आणि १९६८ मध्येच ती पाहून तिथल्या कामगारांनी तक्रार केली की बाहेरच्या नजरेनं आम्हाला दाखवलंय. त्यातून पुढे कामगारांनी स्वतःच कॅमेरा हातात घेतला आणि मेदव्हेदकिन नावाचे फिल्म करणारे गट उभे राहिले.

दुसरी बाब गंभीर आहे. 'वंडर'मधली ती बाई फक्त झोस्लिन या नावानं ओळखली जाते. एर्व्हे ल रू यानं १९९७ मध्ये आलेल्या 'रप्रीझ' या तीन तास बारा मिनिटांच्या फिल्ममध्ये तिचा शोध घेतला. त्या दारात असलेल्या अनेकांना गाठून बोलतं केलं, पण ती सापडली नाही. (तो लघुपट नीट समजून घ्यायचा तर ही फिल्म बघाच. एकाच शॉटकडे प्रत्येक माणूस किती वेगळं बघतो ते त्यात आहे.) तिच्या आयुष्यातली सर्वात उघडी दहा मिनिटं जगभर दाखवली गेली आणि तिला कुणी विचारलं होतं का हा प्रश्न तसाच राहिला. तुमच्या शॉटमध्ये कुणी कंत्राटी कामगार मालकाविरुद्ध बोलला तर दुसऱ्या दिवशी त्याचं गेटपास रद्द होऊ शकतं. चित्रण झाल्यावर त्याच दिवशी त्या माणसाला शॉट दाखवा, कॅमेऱ्यावर संमती घ्या, आणि 'आठ दिवसांत मन बदललं तर सांगा' असं म्हणून आपला नंबर द्या. तोपर्यंत व्हॉट्सअॅपवर एक तुकडाही टाकू नका. चेहरा धूसर करणं हा उपाय वाटतो, पण अशा शॉटचं सगळं बळ चेहऱ्यात असतं, आणि आवाजावरून माणूस तरीही ओळखू येतो.

ध्वनीसाठी वेगळा माणूस मिळतच नसेल तर हा प्रकार सोडा आणि त्याच वर्षीचा दुसरा मार्ग घ्या. मे-जून १९६८ मध्येच 'सिने-त्राक्त' नावाच्या छोट्या फिल्म्स निघाल्या. मार्कर, गोदार, रेने असे नावाजलेले दिग्दर्शक त्यात होते, पण कुणाचीही सही नाही. नियम साधा: ३० मीटरचं एक रीळ, मूक, २४ फ्रेमच्या वेगात २ मिनिटं ४४ सेकंद. बहुतेकांत स्थिर छायाचित्रं आणि हातानं लिहिलेले शब्द, क्रम कॅमेऱ्यातच लावलेला, वेगळं संकलन नाही. तुमच्याकडे फोन आहे, गेटवरची छायाचित्रं आहेत, फलक आहेत. चाळीस छायाचित्रं, प्रत्येक चार सेकंद, की झाले १६० सेकंद. वाईट आवाजातल्या दहा मिनिटांपेक्षा हे कधीही बरं.

शेवटचं, तुम्ही तळटीपेत विचारलेलं: घेतलेल्या शॉटमधली पहिली साडेतीन मिनिटं चांगली आहेत, पुढचं सैल आहे, तर कापू का? कापा. अकरा मिनिटं घेतली म्हणून अकरा दाखवायची नसतात. सुरुवात मात्र एखाद्याच्या वाक्याच्या मध्ये धरा, कारण घोळका जमतानाची पहिली वीस-तीस सेकंदं जवळजवळ नेहमीच पोकळ असतात. शेवट कुणीतरी चौकट सोडून दाराकडे गेल्यावर पाच-सहा सेकंदांनी. त्याआधी मूळ फाइलच्या दोन प्रती दोन वेगळ्या ड्राइव्हवर करून घ्या आणि रेकॉर्डरची फाइलही त्याच नावानं शेजारी ठेवा, म्हणजे सहा महिन्यांनी जोडणी पुन्हा करावी लागली तर शोधाशोध नको.